परतीचा माल

माझी भाची बारावीला आहे. परीक्षा जवळ आली की ती अभ्यासाला आमच्याकडे येते, तिच्या घरी धाकटा भाऊ टीव्ही सोडत नाही म्हणून. त्या संध्याकाळी ती इतिहास घेऊन ओट्याशेजारी स्टूल टाकून बसली होती आणि मी पोळ्या लाटत होते. युरोपातल्या देशांनी आफ्रिकेत वसाहती का केल्या, त्याची कारणं तिनं एका दमात म्हणून दाखवली. कच्चा माल, बाजारपेठ, जादा भांडवल, राष्ट्राराष्ट्रांतली चढाओढ, लष्करी ठाणी, धर्मप्रसार, गुलामांच्या व्यापाराला आळा, मागासांना सुधारण्याची जबाबदारी. सगळं बरोबर होतं. मी छान म्हटलं. मग ती थांबली आणि म्हणाली, "मावशी, यातलं खरं कुठलं गं?" मी म्हटलं, सगळीच खरी. "असं कसं? गुलामांना सोडवायला गेले आणि त्यांनाच राबवलं, हे एकाच माणसानं केलं? मग त्याच्या मनात नक्की काय होतं?" तव्यावरची पोळी उलटायची होती, ती उलटली. भाचीनं पुढचं पान काढलं. चार मार्कांच्या उत्तराला तेवढं पुरे होतं.

मला पुरेना.

कारण ती म्हणत होती तसा एकच माणूस खरोखर होऊन गेला. बेल्जियमचा राजा दुसरा लिओपोल्ड. गादीवर यायच्या पाच वर्षं आधी, १८६० साली, तो ग्रीसहून परतला तेव्हा अथेन्सच्या अॅक्रोपोलिसमधला संगमरवराचा एक तुकडा बरोबर घेऊन आला. त्यावर त्यानं अक्षरं कोरून घेतली आणि तो तुकडा आपल्या देशाच्या अर्थमंत्र्याला भेट दिला. अक्षरं अशी: बेल्जियमला वसाहत हवी. कुठली, कुणाची, कशासाठी, यातलं काहीच दगडावर नव्हतं. तेव्हा तो पंचविशीत होता. पुढे दोनेक वर्षांनी तो सेव्हिलला जाऊन स्पेनची जुनी दप्तरं चाळत बसला, अमेरिकेतून स्पेननं किती नफा आणला याचा हिशेब लावत. १८६४-६५ मध्ये सिलोन, भारत, ब्रह्मदेश, जावा असा फिरला. कलकत्त्याच्या एका इंग्रज वकिलानं जावावर एक पुस्तक लिहिलं होतं. डच सरकार तिथल्या शेतकऱ्यांकडून सक्तीनं कॉफी, ऊस, नीळ कशी पिकवून घेतं आणि त्यावर हॉलंडचा खजिना कसा भरतो याचं त्यात कौतुक होतं. ते पुस्तक लिओपोल्डला फार भावलं. मग फिलिपिन्स मिळतंय का ते त्यानं पाहिलं. आणखी कुठे कुठे चाचपणी केली. आफ्रिका या यादीत बरीच उशिरा आली. म्हणजे आधी भूक, मग जागा, आणि जागेसाठी कारण अगदी शेवटी. हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो, कारण अभ्यासाच्या पुस्तकात कारणं एकाखाली एक छापलेली असतात आणि सगळी सारख्याच उंचीची दिसतात.

१८७६ च्या सप्टेंबरात त्यानं ब्रुसेल्सच्या राजवाड्यात युरोपातल्या नावाजलेल्या प्रवाशांना आणि भूगोलवेत्त्यांना बोलावलं. विषय होता मध्य आफ्रिकेत सुधारणेचा उजेड नेणं आणि गुलामांचा व्यापार संपवणं. ठिकठिकाणी ठाणी उभारायची, तिथे विश्रांती, औषधपाणी, विद्या. सगळ्यांनी एकमतानं त्यालाच अध्यक्ष केलं. पुढच्याच वर्षी लंडनमधल्या आपल्या राजदूताला लिहिलेल्या पत्रात तो आफ्रिकेला भव्य केक म्हणतो आणि त्याचा एक तुकडा मिळवायची संधी आपल्याला दवडायची नाही, असं सांगतो. भाषण आणि पत्र यांच्यात वर्ष-सव्वा वर्षाचं अंतर. ही दोन्ही शेजारी ठेवली की वाटतं, झालं, उत्तर सापडलं. बाहेर बोलायचं एक, आत हवं दुसरं. गुलाममुक्ती हा बुरखा आणि केक हा चेहरा.

पण मी नाशिकची आहे, आणि मला एवढ्यावर थांबता येत नाही.

शरणपूर रोडवरून माझं रोजचं जाणं-येणं आहे. कॅनडा कॉर्नरचा सिग्नल, कपड्यांची दुकानं, क्लासेसच्या पाट्या, संध्याकाळी भजी-वड्यांच्या गाड्यांवरून येणारा तेलाचा वास. याच शरणपुरात एकोणिसाव्या शतकात चर्च मिशनरी सोसायटीची वस्ती होती आणि तिच्यात आफ्रिकन मुलं राहत होती. ब्रिटिश आरमार अरबी समुद्रात गुलाम वाहून नेणारी गलबतं पकडी, सुटका झालेली मुलं मुंबईला उतरवली जात, आणि त्यातली काही इथे येत. लिहिणं-वाचणं शिकत, सुतारकाम, लोहारकाम शिकत. आईबापांपासून तोडलेली, गलबताच्या तळातल्या अंधारातून बाहेर काढलेली ती मुलं जानेवारीच्या इथल्या थंडीत पहाटे उठून कुठल्या शेकोटीपाशी बसत असतील, गोदावरीला पूर आला की त्यांना कुठली नदी आठवत असेल, असं त्या रस्त्यावर सिग्नलला उभी असताना माझ्या मनात येतं. पूर्व आफ्रिकेत त्यांना 'नासिक बॉइज' म्हणत. आफ्रिकेत फिरलेला स्कॉटिश मिशनरी आणि प्रवासी डेव्हिड लिव्हिंगस्टन १८६६ साली शेवटच्या सफरीवर निघाला तेव्हा त्यातले नऊजण त्याच्याबरोबर होते. नंतर जाऊन मिळालेल्यांत जेकब वेनराइट होता, याओ जमातीचा, गुलामांच्या गलबतावरून सुटलेला, नाशिकला शिकलेला. १८७३ च्या मे महिन्यात आताच्या झांबियातल्या चितांबोच्या गावी लिव्हिंगस्टन मेला. सोबत्यांनी त्याचं काळीज तिथेच झाडाखाली पुरलं. दफनाची प्रार्थना वाचली ती जेकबनं. मग देह वाळवून, झाडाच्या सालीत गुंडाळून, खांद्यावर घेऊन ते सगळे महिनोन् महिने चालत समुद्रापर्यंत आले. १८७४ च्या एप्रिलात लंडनला वेस्टमिन्स्टर अॅबीत लिव्हिंगस्टनला पुरलं तेव्हा शवपेटीचा कपडा धरणाऱ्यांत जेकब वेनराइट उभा होता.

आता या मुलाला कुणी सांगावं की गुलाममुक्ती हा बुरखा होता? त्याच्या पायातली बेडी खरोखर निघाली होती. ज्या खलाशांनी ते गलबत पकडलं, ज्या मिशनरी बाईनं त्याला अक्षर लावायला शिकवलं असेल, त्यांच्या मनातलं कारण खरंच होतं. लिव्हिंगस्टनच्या बाबतीतही मला शंका घेववत नाही. १८५७ साली केंब्रिजच्या विद्यार्थ्यांपुढे त्यानं सांगितलं होतं की व्यापार आणि ख्रिस्ती धर्म यांच्यासाठी वाट मोकळी करायला मी आफ्रिकेत परत जातोय. त्याचा हिशेब असा, की माणसांना कापूस आणि हस्तिदंत विकून पोट भरता आलं तर ती माणसं विकणार नाहीत. हिशेब भाबडा असेल, लबाडीचा नव्हता. त्यानं लिहिलेली गुलामांच्या तांड्यांची वर्णनं वाचून इंग्लंडातल्या साध्यासुध्या लोकांनी आठवड्याच्या कमाईतली नाणी चर्चच्या पेटीत टाकली. लिओपोल्डनं जे साधलं ते इथे. ती करुणा त्यानं निर्माण केली नाही, ती आधीच वाहत होती, त्यानं पाट काढून आपल्या शेतात घेतली. नुसती हाव घेऊन तो उभा राहिला असता तर बाकीच्या राजांनी त्याला दारात उभं केलं नसतं. त्याच्या हावेला जी दारं उघडता येत नव्हती, ती जेकबच्या गोष्टीनं उघडली.

मनातलं कारण माणसाला स्वतःलाही नीट दिसत नाही, मग सव्वाशे वर्षांनी मला कसं दिसणार? म्हणून मी हळूहळू वेगळ्या गोष्टी शोधायला लागले. जाताना काय नेलं आणि येताना काय आणलं. त्यात मुंबईचे हत्ती भेटले.

१८६८ साली इथिओपियाच्या सम्राटानं, थिओडोरनं, ब्रिटिश वाणिज्यदूत आणि काही मिशनरी कैदेत ठेवले होते. त्यांना सोडवायला जी मोहीम निघाली ती मुंबई लष्कराचा सरसेनापती नेपियर याच्या हाताखाली. तेरा हजारांच्या आसपास सैनिक, आपल्या खडकीच्या बॉम्बे सॅपर्सच्या तुकड्याही त्यात, आणि ४४ हत्ती. त्या डोंगराळ मुलखात जड तोफा या हत्तींनी वाहिल्या. एप्रिलात सम्राटाचा मगदालाचा डोंगरी किल्ला पडला, सम्राटानं स्वतःला गोळी घालून घेतली, कैदी सुटले. सांगितलेला हेतू अगदी अक्षरशः पुरा झाला, आणि ब्रिटिशांनी तो देश ताब्यात न घेता फौजही परत नेली. पण परतताना मगदालाच्या वाड्यातली आणि चर्चमधली लूट खाली आणायला १५ हत्ती आणि जवळजवळ २०० खेचरं लागली. मुकुट, चांदीचे क्रूस, चामड्यावर हातानं लिहिलेल्या पोथ्या. वाटेत तिचा लिलाव झाला. त्यातल्या शेकडो पोथ्या आजही लंडनला आहेत. जाताना हत्तीच्या पाठीवर तोफ, येताना पोथी. कैदी सोडवणं हे कारण खोटं म्हणता येत नाही, आणि त्या पंधरा हत्तींच्या पाठीवर काय होतं तेही नजरेआड करता येत नाही.

अकरा वर्षांनी, १८७९ मध्ये, आणखी चार हत्ती मुंबईहून निघाले. हे लिओपोल्डचे. पूर्व आफ्रिकेच्या आतल्या भागात त्से त्से माशी बैल-घोडे जगू देत नव्हती, सगळा माल माणसांच्या डोक्यावरून न्यावा लागे. तेव्हा कल्पना निघाली, की हिंदुस्थानी हत्ती नेऊन बघावे, आणि जमलं तर त्यांच्या मदतीनं तिथले रानटी हत्ती पकडून माणसाळवावे. दार-ए-सलामजवळ धक्का नव्हता. हत्तींना पाण्यातच उतरवलं आणि ते पोहत किनाऱ्याला लागले. तिथून टांगानिका सरोवराकाठच्या करेमाच्या ठाण्यापर्यंतची पायपीट. चारही हत्ती मेले. तांड्याचा प्रमुख फ्रेडरिक कार्टर परतीच्या वाटेवर १८८० साली एका चकमकीत मारला गेला. त्या हत्तींबरोबर इथले माहूत गेले होते, त्यांचा विचार माझ्या मनातून जात नाही. आपल्या हत्तीच्या कानामागे पाय रोवून, माहीत नसलेल्या मुलखात, माहीत नसलेल्या गवताची चारा म्हणून पारख करत, दिवसेंदिवस त्याचं खंगणं बघत ते चालले असतील. त्यांना कुणी विचारलं असतं, तू इथे का आलास, तर त्यांनी पगाराचा आकडा सांगितला असता. घरी कोण कोण आहे ते सांगितलं असतं. भाचीच्या यादीत हे कारण नाही. पण बंदूक उचलणारा, वाट काढणारा, नाव वल्हवणारा, जिच्यावाचून कुठलीही वसाहत एक दिवस टिकली नसती अशी सगळी माणसं याच कारणासाठी तिथे होती, किंवा ज्यांना दुसरा रस्ताच ठेवला नव्हता म्हणून होती. लिओपोल्डच्या फौजेतले कितीतरी शिपाई तर स्वतःच गावांतून पकडून आणलेले होते.

दरम्यान आफ्रिकेतला नामांकित प्रवासी हेन्री स्टॅन्ली लिओपोल्डच्या पगारावर काँगो नदीकाठी ठाणी उभारत आणि गावच्या मुख्यांकडून करारांवर खुणा घेत फिरत होता. त्यातला एक करार १ एप्रिल १८८४ चा आहे, न्गोंबी आणि माफेला इथल्या मुख्यांशी केलेला. दर मुख्याला महिन्याला कापडाचा एक तुकडा मिळणार, शिवाय हातात थोडं कापड. त्या बदल्यात त्यांनी आपल्या सगळ्या मुलखावरचे राज्याचे हक्क कायमचे सोडायचे, आणि लागेल तेव्हा, लागेल तिथे मजुरी किंवा इतर मदत द्यायची. रस्ते, नद्या, मासेमारी, खाणी, जंगल, सगळं लिओपोल्डच्या संस्थेचं. ज्या भाषेत कागद होता ती त्यांना येत नव्हती. जमीन कायमची देऊन टाकता येते ही कल्पनाच त्यांच्याकडे कुठे होती? पाहुण्यानं कापड दिलं, आपण त्याला थारा दिला, एवढाच त्यांच्या बाजूचा अर्थ असणार. असे कागद शेकड्यांनी गोळा झाले.

त्याच वर्षी १५ नोव्हेंबरला बर्लिनला बिस्मार्कच्या घरी परिषद भरली, आणि पुढच्या फेब्रुवारीच्या २६ तारखेपर्यंत चालली. चौदा देश. भिंतीवर आफ्रिकेचा भला मोठा नकाशा, आणि खोलीत एकही आफ्रिकन माणूस नाही. तिथे बसून त्यांनी पट्टीनं खंड कापला असं आपण शिकतो. बहुतेक सीमा प्रत्यक्षात नंतर, देशादेशांतल्या वेगवेगळ्या तहांत ठरल्या. बर्लिनला ठरले ते नियम, की किनाऱ्यावर हक्क सांगायचा असेल तर तिथे खरा ताबा दाखवा आणि इतरांना कळवा. पण तिथे झालेल्या करारनाम्याचं सहावं कलम मी पुन्हा पुन्हा वाचते. स्थानिक लोकांच्या रक्षणाची काळजी घेऊ, त्यांची नैतिक आणि ऐहिक स्थिती सुधारू, गुलामगिरी आणि विशेषतः गुलामांचा व्यापार दडपायला मदत करू, असं सगळ्यांनी लिहून दिलं आहे. हे लिहिताना कुणाचा हात अडखळला असेल असं मला वाटत नाही. बऱ्याच जणांना ते मनापासून पटलं असेल. काँगोचा, बेल्जियमच्या पंच्याहत्तर पटींहून मोठा मुलूख अशा रीतीनं एका माणसाच्या खासगी मालकीचा झाला. देशाचाही नाही, राजाचा स्वतःचा. त्या मुलखात त्यानं जन्मात पाऊल टाकलं नाही.

सुरुवातीला हस्तिदंत. पैसा पुरेना. लिओपोल्ड कर्जात बुडत चालला होता. त्याला वाचवलं ते बेलफास्टच्या एका गुरांच्या डॉक्टरनं, नकळत. डनलॉपनं आपल्या मुलाची तीनचाकी दगडांवरून गचके खाते म्हणून तिच्या चाकांना हवा भरलेली रबराची नळी बसवली आणि १८८८ साली पेटंट घेतलं. बघता बघता साऱ्या जगाला रबर हवं झालं. आमच्या लहानपणी गल्लीच्या तोंडाशी सायकलचं दुकान होतं. मेस्त्री ट्यूब फुगवून पाण्याच्या घमेल्यात बुडवायचा, बुडबुडे कुठून येतात ते आम्ही डोकी एकत्र करून बघायचो. मग कानशीनं ट्यूब घासायची, सोल्युशनचा तो गोडसर, डोकं हलकं करणारा वास, बोटाला चिकटलेला आणि मग सोलून काढायचा तो पातळ पापुद्रा. काँगोबद्दल वाचताना मला तो पापुद्राच आठवला, आणि पुस्तक मिटून ठेवावं लागलं. तिथलं रबर झाडाचं नव्हतं, रानवेलीचं होतं. वेल उंच झाडांवर शंभर-शंभर फूट चढलेली, तिला खाच पाडायची आणि चीक गोळा करायचा. तो घट्ट व्हावा म्हणून माणसं अंगावर फासून घेत, छातीवर, मांड्यांवर, आणि वाळला की ओरबाडून काढत. केसांसकट.

हे काम आनंदानं कुणी करणार नव्हतं. कापड, मणी, मीठ देऊनही नाही. म्हणून शिपाई गावात शिरून बायका ओलीस धरत. पुरुषांनी रबर आणून दिलं की बायका सुटणार. अँग्लो-बेल्जियन इंडिया रबर कंपनीच्या मुलखात दर पुरुषामागे पंधरवड्याला वाळलेलं तीन-चार किलो रबर द्यावं लागे, आणि जवळच्या वेली संपत गेल्या तसं त्यासाठी जंगलात आणखी आणखी आत जावं लागे. घरी राहिलेली शेतं ओस. लिओपोल्डला घाई होती, आणि ती घाईसुद्धा हिशेबाची होती. आशियात रबराच्या झाडांचे मळे लागले होते, ते चिकाला आले की भाव कोसळणार होते. तेवढ्या वर्षांत जे निघेल ते. शिपायाला दिलेलं काडतूस शिकारीवर वाया घालवलं नाही याचा पुरावा म्हणून प्रत्येक गोळीमागे मारलेल्या माणसाचा उजवा हात आणून दाखवायचा, असा प्रघात पडला. हात टिकावेत म्हणून ते धुरावर धरत. गोळी शिकारीत गेली असेल तर जिवंत माणसाचा हात तोडत.

एका फोटोपाशी मी फार वेळ थांबले आहे. १९०४ चा मे महिना, बारिंगाचं मिशन. घराचा लाकडी व्हरांडा, कडेला बसलेला एक माणूस, न्साला, वाला गावचा. उघडा, पाठ किंचित वाकलेली, हात गुडघ्यांशी. समोर फळ्यांवर दोन लहान वस्तू. पहिल्यांदा बघताना त्या काय आहेत ते कळत नाही. त्याच्या पाच वर्षांच्या मुलीचा, बोआलीचा, हात आणि पाऊल. कंपनीच्या पहारेकऱ्यांनी गावावर हल्ला केला होता, त्याची बायकोही मारली होती. उरलं तेवढं पानांत गुंडाळून तो मिशनऱ्यांकडे घेऊन आला. मागे दोन माणसं उभी आहेत. न्साला कॅमेऱ्याकडे बघत नाही. तो रडतही नाही. तो त्या दोन वस्तूंकडे बघतोय, इतक्या एकटक, की आपण बघतोय हे आपल्यालाच सहन होत नाही. फोटो काढणारी अॅलिस सीली हॅरिस ही तरुण इंग्रज मिशनरी होती. तीही तिथे त्याच कारणासाठी आली होती, धर्म आणि सुधारणा. जी करुणा राजानं वापरून घेतली तीच तिच्यात होती, आणि तिनं ती कॅमेऱ्याला लावली. हे फोटो मॅजिक लँटर्नवर काचेच्या पट्ट्यांतून इंग्लंड-अमेरिकेतल्या सभागृहांत दाखवले गेले, आणि चर्चच्या पेटीत नाणी टाकणाऱ्या लोकांनी त्या पैशांनी काय उभं राहिलं ते पाहिलं.

भाचीच्या प्रश्नाशी मी जिच्यामुळे थोडीफार भिडू शकते ती गोष्ट मात्र फोटोआधीची आहे, आणि तिच्यात कुठलंही दृश्य नाही. लिव्हरपूलच्या जहाज कंपनीतला एक कारकून, एडमंड मोरेल, १८९० च्या दशकाच्या अखेरीला कामानिमित्त नेहमी अँटवर्पला जाई. काँगोची मालवाहतूक त्याच्या कंपनीकडे होती. तो कधी काँगोला गेला नव्हता. धक्क्यावर उभं राहून तो जहाजांचे कागद आणि माल ताडून बघे. आफ्रिकेहून येणारी जहाजं रबरानं आणि हस्तिदंतानं गच्च. जाणाऱ्या जहाजांत बंदुका, काडतुसं, अधिकारी, आणि विक्रीचा माल जवळजवळ नाहीच. मग एवढ्या रबराची किंमत तिथल्या लोकांना कशात चुकवली जाते? कशातच नाही. म्हणजे ते लोक फुकट राबताहेत, आणि फुकट राबताहेत म्हणजे जबरदस्तीनं. ज्या मुलखाचा कारभार गुलामगिरी संपवायला सुरू झाला म्हणून जग टाळ्या वाजवत होतं, तो मुलूख सगळाच्या सगळा गुलामगिरीवर चालला होता, आणि हे त्याला एका वहीच्या दोन रकान्यांतून कळलं. त्याच्याही आधी, १८९० मध्ये, जॉर्ज वॉशिंग्टन विल्यम्स नावाच्या कृष्णवर्णीय अमेरिकन माणसानं काँगोत स्वतः हिंडून लिओपोल्डला उघडं पत्र लिहिलं होतं, एकेक आरोप मांडून. पुढच्या वर्षी तो गेला. मोरेलनं १९०१ साली नोकरी सोडली आणि आयुष्याची कितीतरी वर्षं या एका गोष्टीला दिली. १९०३ साली ब्रिटिश वाणिज्यदूत रॉजर केसमेंट नदीनं वर जाऊन गावागावांत लोकांच्या जबान्या घेऊन आला. तो आयरिश. काँगोच्या जंगलात आपल्याला लिओपोल्ड सापडला तसा आपण स्वतःही सापडलो, आयरिश माणूस, असं त्यानं नंतर लिहिलं. १९१६ साली त्याच ब्रिटिश सरकारनं त्याला आयर्लंडच्या उठावापायी फाशी दिलं.

मी भाचीला नंतर हे सगळं सांगितलं, तुकड्यातुकड्यानं, भाजी निवडताना, गच्चीत कपडे वाळत घालताना. परीक्षेत हे लिहू नकोस असंही सांगितलं, वेळ पुरणार नाही. तिनं विचारलं, मग इंग्रजांचं काय, त्यांनी तर गुलामगिरी खरंच बंद केली ना? केली. आणि १८८२ साली इजिप्त घेतला तो बऱ्याच अंशी सुएझ कालव्यासाठी, म्हणजे हिंदुस्थानच्या वाटेसाठी. आफ्रिकेतल्या कितीतरी गावांवर परका झेंडा लागला त्यामागचं एक कारण आपण होतो, आपल्याकडचा कापूस, आपला महसूल, आपली फौज. आपण पारतंत्र्यात होतो आणि दुसऱ्यांच्या पारतंत्र्याचं कारणही होतो. हे ऐकून ती बराच वेळ गप्प राहिली. मलाही त्यावर बोलायला काही सुचलं नाही.

काँगोत किती माणसं गेली याची वही कुणी ठेवली नाही. हातांची मोजणी होती, माणसांची नव्हती. १९१९ साली बेल्जियन सरकारच्याच एका समितीनं अंदाज केला की लोकसंख्या निम्म्यावर आली असावी. गोळीनं कमी, भुकेनं आणि रोगराईनं जास्त. १९०८ पर्यंत जगभर इतका गवगवा झाला की लिओपोल्डला काँगो सोडावं लागलं. सोडण्याआधी, त्या ऑगस्टमध्ये, ब्रुसेल्सला त्याच्या दप्तरखान्यातले कागद आठ दिवस जळत होते. नोव्हेंबरात काँगो बेल्जियम देशाकडे गेला. पण तो त्यानं फुकट सोडला नाही, विकला. बेल्जियमनं काँगोची ११ कोटी फ्रँकची कर्जं डोक्यावर घेतली. राजाच्या अर्धवट राहिलेल्या इमारतींसाठी साडेचार कोटींहून जास्त फ्रँक द्यायचं कबूल केलं. आणि वर आणखी पाच कोटी खुद्द राजाला, हप्त्यांनी, काँगोसाठी त्यानं केलेल्या थोर त्यागाबद्दल कृतज्ञता म्हणून, असं करारातच लिहिलं. हे पाच कोटी बेल्जियमच्या करदात्यांनी भरायचे नव्हते, ते काँगोतूनच वसूल करायचे होते.